दोनशे चाळीस दिवस आणि एक मंजूर जागा

मी नगरपालिकेत पाणी सोडतो. जून १९९८ मध्ये रोजंदारीवर व्हॉल्व्हमन म्हणून लागलो आणि जानेवारी २०२० मध्ये कायम झालो. त्यातली पहिली अकरा वर्षं साहेबांच्या तोंडाकडे बघण्यात गेली, पुढची दहा कोर्टाच्या बाकावर. आता आसपासचे रोजंदारीवाले प्लास्टिकच्या पिशवीत कागद घालून माझ्याकडे येतात. कुणी पालिकेतला, कुणी ग्रामीण रुग्णालयातला, कुणी कृषी विद्यापीठाच्या शेतावरचा. मी वकील नव्हे. पण पिशवी उघडली की त्यात काय नाही हे मला पाच मिनिटांत दिसतं, आणि बहुतेक वेळा एकच कागद नसतो. तो कुठला ते पुढं येईलच.

आधी मस्टर

२४० हा आकडा सगळ्यांना पाठ असतो. बारा महिन्यांत २४० दिवस भरले की कायम, असं चहाच्या टपरीवरसुद्धा ऐकू येतं. त्याचा उगम आदर्श स्थायी आदेशातल्या, म्हणजे नोकरीच्या अटींच्या सरकारी नियमावलीतल्या, ४-सी या कलमात आहे. पण कोर्टात दिवस भरले म्हणून सांगून चालत नाही, दाखवावे लागतात, आणि दाखवायची जबाबदारी कामगाराची. हदिमनी प्रकरणात २००२ साली सर्वोच्च न्यायालयानं स्पष्ट म्हटलं की कामगाराचं नुसतं प्रतिज्ञापत्र हा पुरावा नव्हे. पुढं येल्लट्टी प्रकरणात थोडी सवलत मिळाली. कामगारानं पिंजऱ्यात उभं राहून शपथेवर सांगावं, हातात असतील ते कागद द्यावेत आणि मालकाकडचं मस्टर हजर करायचा अर्ज द्यावा. मालकानं मस्टर दडवलं तर कोर्ट त्याच्याविरुद्ध अनुमान काढू शकतं. काढेलच असं नाही, म्हणून स्वतःचे कागद लागतात.

आमच्याकडं ८९ दिवस झाले की दोन दिवसांचा ब्रेक द्यायचे. पण गावाला पाणी दोन दिवस थांबत नाही. त्यामुळं ब्रेकमध्येही पहाटे चारला टाकीवर मीच जायचो आणि त्या दोन दिवसांचा पगार माझ्या मेव्हण्याच्या नावानं निघायचा. सही माझीच, नाव त्याचं. तेव्हा त्यात आम्हाला काही वावगं वाटलं नाही, उलट साहेब पोटाला लागू देतात असं वाटलं. मस्टरवर मात्र माझी सेवा तुटक दिसू लागली.

मला वाचवलं ते पाणी सोडण्याच्या वहीनं. टाकीखालच्या खोलीत एक लांबडी वही असायची. कुठल्या पेठेचा व्हॉल्व्ह किती वाजता उघडला, किती वाजता बंद केला, टाकीत किती फूट पाणी होतं, हे त्यात लिहायचं आणि पुढं सही करायची. ब्रेकच्या दिवसांतही अक्षर माझं आणि सही माझीच. पालिकेला मस्टर सांभाळायची अक्कल होती, वहीची कुणालाच आठवण नव्हती.

तेव्हा तुमच्या खात्यात अशी वही कुठली ते शोधा. टँकर ड्रायव्हरची लॉगबुक, दवाखान्यातलं ड्युटी रजिस्टर, गोदामाची आवक-जावक, शेतावरची मजूर डायरी. त्याखेरीज बँकेचं पासबुक, भविष्य निर्वाह निधीची पावती, ओळखपत्र, निवडणुकीच्या ड्युटीचा आदेश, पल्स पोलिओचं पत्र. २००५ च्या महापुरात आम्हाला रात्रपाळीचं लेखी पत्र दिलं होतं, जावक क्रमांकासकट. तेव्हा मी ते पत्र गणपतीच्या फोटोमागं खोचून ठेवलं होतं, चार वर्षांनी ते निशाणी, म्हणजे पुराव्याचा कागद, म्हणून कोर्टात लागलं. जावक क्रमांक असलेला कुठलाही कागद फेकू नका.

मोजताना साप्ताहिक सुट्टी आणि पगारी सुट्ट्याही धरायच्या. अमेरिकन एक्सप्रेस बँकेच्या कामगारांच्या १९८५ च्या निकालापासून हे ठरलेलं आहे. पुष्कळ जण फक्त हजेरीचे दिवस मोजतात, २२५ वर थांबतात आणि निराश होऊन घरी जातात.

मग जागा

आता तो नसलेला कागद. त्याला आकृतिबंध म्हणतात. तुमच्या कार्यालयात कुठल्या पदाच्या किती जागा मंजूर आहेत, किती भरलेल्या आणि किती रिकाम्या, याचा तक्ता. माझ्याकडे आलेल्यांपैकी दहातल्या नऊ जणांकडे मस्टरच्या झेरॉक्सचा गठ्ठा असतो, आणि आकृतिबंध कुणाकडेच नसतो.

राहुरीच्या महात्मा फुले कृषी विद्यापीठाच्या मजुरांच्या प्रकरणात २००१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाचा निकाल आला. काम होतं, वर्षं होती, पण मंजूर पदं नव्हती आणि ती निर्माण करायचा अधिकार विद्यापीठाला नव्हता, शासनाला होता. त्यामुळं मजुरांना कायम न करणं ही विद्यापीठाची अनुचित प्रथा, म्हणजे कामगार कायद्यानं मना केलेली वागणूक, ठरली नाही. तिरोडा नगरपरिषदेच्या प्रकरणात नागपूर खंडपीठानं २०१६ मध्ये त्याच वाटेनं जाऊन सांगितलं की पदनिर्मितीचा अधिकार नसलेल्या स्थानिक संस्थेत केवळ २४० दिवसांच्या जोरावर कायमपण मिळत नाही. समोरचा वकील ही दोन नावं घेणारच, ती आधीच ऐकून ठेवलेली बरी.

आकृतिबंध मिळवायचा माहितीच्या अधिकारात. जोडपत्र ‘अ’ मध्ये अर्ज, दहा रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, एका अर्जात एकच विषय आणि मजकूर दीडशे शब्दांच्या आत. तीस दिवसांत उत्तर आलं नाही तर पहिलं अपील. अर्जदारानं माहिती कशासाठी हवी ते सांगायचं नसतं आणि तो त्या कार्यालयातला असावा असंही नाही. म्हणून अर्ज स्वतःच्या नावानं करू नका, कामावर घेणं बंद होईल. आमचा अर्ज माझ्या मेव्हण्यानं केला. ज्याच्या नावानं पगार निघायचा त्याच्याच नावानं.

मागायचं काय: मंजूर आकृतिबंध, रिक्त पदांचा तक्ता, रोजंदारीची सेवाज्येष्ठता यादी, आमच्याबद्दलचे सर्वसाधारण सभेचे ठराव आणि शासनाला पाठवलेले प्रस्ताव. शेवटचे दोन कागद म्हणजे घबाड. निवडणुकीच्या तोंडावर आमच्या पालिकेनं ठराव केला होता की ‘सदर कर्मचारी सन १९९८ पासून सलग कार्यरत असून त्यांची आवश्यकता आहे’. ‘सलग’ हा शब्द त्यांचाच. पुढं कोर्टात पालिकेचा साक्षीदार म्हणाला, काम अधूनमधून असायचं. आमच्या वकिलांनी तो ठराव त्याच्या हातात दिला आणि म्हणाले, मोठ्यानं वाचा.

आकृतिबंधात व्हॉल्व्हमनची नऊ पदं निघाली, भरलेली चार. पाच जागा रिकाम्या आणि आम्ही दावेदार अकरा. हे गणित पुढं कामी आलं.

कुठल्या दारात जायचं

इथं चुकलात तर पाच-सात वर्षं फुकट जातात. नगरपालिका, महापालिका, एसटी, वनविभागाची किंवा पाणीपुरवठ्याची कामं, म्हणजे कायद्याच्या भाषेत उद्योग आणि तुम्ही कामगार असाल, तर औद्योगिक न्यायालय. राज्य शासनाच्या कार्यालयातल्या नागरी पदावर असाल तर मॅट, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण. तिथं एका वर्षाची मुदत असते. जिल्हा परिषदेचे कर्मचारी मॅटमध्ये बसत नाहीत, त्यांना उच्च न्यायालय. केंद्राच्या खात्यांची दारं निराळी.

औद्योगिक न्यायालयात आपण जी तक्रार घालतो तिला सगळे ‘यूएलपी’ (अनफेअर लेबर प्रॅक्टिस) म्हणतात. १९७१ च्या महाराष्ट्राच्या अनुचित कामगार प्रथा कायद्यात अनुसूची ४ आहे, तिच्यातली बाब ६ आपली. कामगाराला कायमपणाचे हक्क मिळू नयेत या हेतूनं त्याला वर्षानुवर्षं बदली, हंगामी किंवा तात्पुरता ठेवणं. हेतू कसा सिद्ध करायचा, ही भीती काढून टाका. पुण्याच्या पाचगाव-पर्वतीच्या टेकडीवर झाडं लावणाऱ्या वनमजुरांच्या प्रकरणात, म्हणजे जगन्नाथ मारुती कोंढरे निकालात, सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की वर्षानुवर्षं तसंच ठेवलं यावरूनच हेतू काढता येतो.

कामावरून काढलं असेल तर तो वेगळा मामला, त्याच अनुसूचीतली बाब १, आणि तो कामगार न्यायालयात. तक्रारीची मुदत ९० दिवस. बाब ६ चा अन्याय रोज चालू असतो म्हणून मुदतीचा काच कमी असतो, तरी विलंब माफीचा अर्ज सोबत लावलेला बरा. काढल्यावर मात्र ९०वा दिवस पोरांच्या वाढदिवसासारखा लक्षात ठेवा. सगळ्यात शहाणपणाचं म्हणजे काढायच्या आधीच जाणं. तक्रारीबरोबर कलम ३०(२) खाली अंतरिम अर्ज द्या: निकाल लागेपर्यंत कामावरून कमी करू नये. ‘जैसे थे’ मिळालं की निम्मी झोप परत येते. आमच्यातल्या तिघांना तक्रारीची कुणकुण लागताच तोंडी सांगून घरी बसवलं होतं, त्यांचं प्रकरण दोन कोर्टांत विभागलं आणि शेवटपर्यंत रेंगाळलं.

आणखी एक. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राची औद्योगिक संबंध संहिता लागू झाली आहे. जुना औद्योगिक विवाद कायदा आणि स्थायी आदेशांचा कायदा तिनं गिळला, आणि स्थायी आदेश आता तीनशे किंवा जास्त कामगारांच्या आस्थापनेला लागतात. वर्षानुवर्षं तात्पुरतं ठेवणं ही अनुचित प्रथा संहितेतही आहेच. पण माझी तक्रार जुन्या व्यवस्थेतली. तुम्ही नवी घालणार असाल तर तक्रार कुठल्या कायद्याच्या कुठल्या कलमाखाली जाईल, हा वकिलाला पहिला प्रश्न विचारा. उत्तर देताना तो चाचपडला तर दुसरा वकील बघा.

उमादेवीचं भूत

पहिल्या तारखेलाच समोरून ‘उमादेवी’ येते. कर्नाटक सरकार विरुद्ध उमादेवी, १० एप्रिल २००६, पाच न्यायाधीशांचं पीठ. सार असं की सरकारी नोकरीचा रस्ता जाहिरात आणि निवड हाच आहे, मागच्या दारानं आलेल्यांना कोर्टांनी कायम करत बसू नये. त्याच निकालाच्या ५३व्या परिच्छेदात एक खिडकी ठेवली आहे. मंजूर जागेवर, पात्रता असताना, कोर्टाच्या आदेशाच्या आडोशाशिवाय दहा वर्षं काढलेल्यांना एकदाच नियमित करावं. नेमणूक अनियमित असेल तर वाट आहे, मुळात बेकायदा असेल तर नाही.

औद्योगिक न्यायालयातल्या आपल्या लोकांना आधार दिला तो कास्ट्राईब या कर्मचारी संघटनेच्या निकालानं. एसटीच्या गाड्या धुणाऱ्या-झाडणाऱ्या मजुरांचं ते प्रकरण, २८ ऑगस्ट २००९. सर्वोच्च न्यायालय म्हणालं, उमादेवीमुळं यूएलपी कायद्याखालचे अधिकार जात नाहीत. जागा असतील आणि अनुचित प्रथा सिद्ध झाली तर कायम करण्याचा आदेश देता येतो. आमची तक्रार त्याच दिवाळीनंतर पडली. तोवर वकीलच म्हणत होते, थांबा.

अलीकडे वारं थोडं फिरलं आहे. २० डिसेंबर २०२४ चा जग्गो निकाल, केंद्रीय जल आयोगातल्या सफाई आणि बागकाम करणाऱ्यांचा. ३१ जानेवारी २०२५ चा श्रीपाल, गाझियाबाद महापालिकेतल्या माळ्यांचा. या दोन्ही पीठांवर न्यायमूर्ती विक्रम नाथ यांच्यासोबत आपले प्रसन्न वराळे होते, औरंगाबादला वकिली केलेले. मग १९ ऑगस्ट २०२५ चा धरम सिंग, ज्यात गरज पडल्यास अधिसंख्य, म्हणजे मंजूर संख्येपेक्षा जादा, पदं निर्माण करून घ्या असं उत्तर प्रदेश सरकारला सांगितलं. उमादेवीची ढाल करून वर्षानुवर्षं राबवून घेऊ नका, असा या तिन्हींचा सूर. त्यांची पूर्ण प्रत वकिलाला द्या, व्हॉट्सअॅपवरचं कात्रण नको. मात्र हे निकाल आले म्हणून आकृतिबंध लागत नाही असं समजू नका.

पिंजरा

उलटतपासणीत मला विचारलेले प्रश्न अजून पाठ आहेत. जाहिरात आली होती का? नाही. मुलाखत झाली होती का? हो, मुख्याधिकाऱ्यांच्या केबिनमध्ये. नाव सेवायोजन कार्यालयातून आलं होतं का? हो. आणि मी कार्यालयाचं मुलाखतीचं पत्र पुढं केलं. आमच्यात असं पत्र चौघांकडंच होतं, त्यांच्या नेमणुकीला ‘मागचं दार’ म्हणणं समोरच्याला जड गेलं. तुमचं नाव कधी सेवायोजन कार्यालयात नोंदलं असेल तर ते कार्ड शोधा, फाटलेलं असलं तरी.

मेव्हण्याच्या नावाच्या पगाराचं विचारलं तेव्हा घाम फुटला. वकिलांनी आधीच सांगितलं होतं, जे झालं ते सांगायचं. मी सांगितलं. मग वही आली. खोटं बोललो असतो तर वहीवरचा विश्वासही गेला असता.

ठेकेदाराची सही

आमच्यातल्या दोघांना २००८ मध्ये ‘आता तुमचा पगार ठेकेदाराकडून’ म्हणून एका फॉर्मवर सह्या करायला लावल्या. टाकी तीच, व्हॉल्व्ह तोच, मुकादम तोच, मस्टर मात्र ठेकेदाराचं. त्या एका सहीनं त्यांची वाट बदलली. सिप्ला आणि कल्याणी स्टील्स या २००१ च्या निकालांनुसार तुम्ही मूळ संस्थेचे कामगार आहात की नाही यावरच वाद असेल, तर यूएलपी तक्रार चालत नाही. ठेका बोगस आहे हे आधी औद्योगिक विवादाच्या मार्गानं ठरवून घ्यावं लागतं. तो मार्ग लांब आहे, पण बंद नाही. मुंबई महापालिकेच्या कचरा वाहतूक श्रमिक संघाच्या २७०० सफाई कामगारांनी त्याच मार्गानं जाऊन २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयात कायमपण मिळवलं. आमच्या दोघांना तेवढा दम नव्हता, पाठीशी तेवढी संघटनाही नव्हती. फॉर्म पुढं आला तर सही करायच्या आधी फोटो काढा, आणि शक्य तर ‘निषेधासह’ असं लिहून सही करा.

तारीख मागताना

ही माझी स्वतःची जखम आहे, म्हणून जरा लांबवतो. तक्रारीच्या शेवटी ‘मागणी’ म्हणून परिच्छेद असतो. आमच्या तक्रारीत लिहिलं होतं, ‘तक्रारीच्या दिनांकापासून कायम करावे’. मी वाचलं आणि सही केली. मला वाटलं, कायम म्हणजे कायम. २०१४ मध्ये आदेश झाला तो मागितल्याप्रमाणे नोव्हेंबर २००९ पासून. महाराष्ट्रात १ नोव्हेंबर २००५ रोजी किंवा त्यानंतर नेमणूक झालेल्यांना जुनी पेन्शन नाही. माझे २४० दिवस १९९९ मध्येच भरले होते. मागणीत ‘२४० दिवस पूर्ण झाल्याच्या मानीव दिनांकापासून (म्हणजे कायम झालो असं मागून धरायच्या तारखेपासून) कायम, आणि थकबाकी तक्रारीच्या दिनांकापासून’ असं असतं तर निदान भांडायला जागा राहिली असती. न मागितलेलं कोर्ट सहसा देत नाही. मागणीचा परिच्छेद घरी न्या, दोनदा वाचा, शेजारच्या मास्तरांना वाचायला द्या. पर्यायी मागणीही हवी: कायम करेपर्यंत त्या पदाच्या वेतनश्रेणीचं किमान वेतन. जगजित सिंग या २०१६ च्या निकालाचा त्याला आधार आहे.

निकालानंतर

आदेश झाला त्याच दिवशी नकलेचा अर्ज द्या आणि उच्च न्यायालयात कॅव्हेट लावा, म्हणजे आमचं ऐकल्याशिवाय आदेश देऊ नका असा अर्ज. पालिका वर जाणारच. लोकांचा पैसा असतो, त्यांना घाई नसते. आम्ही दर तीन-चार महिन्यांनी महालक्ष्मी एक्सप्रेसनं मुंबईला जायचो, बोर्डावर नंबर यायचा नाही, रात्री परत. ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरात सर्किट बेंच बसलं आहे. कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्गवाल्यांचा तेवढा प्रवास वाचला.

त्या वर्षांत आमच्यातला एक जण गेला. कायम नव्हता, त्यामुळं मुलाला अनुकंपा नाही. त्याच्या बायकोला आम्ही वारस म्हणून प्रकरणात लावून घेतलं, निदान थकबाकी तरी मिळावी. हे लगेच करावं लागतं, राहून गेलं तर त्या माणसापुरतं प्रकरण संपतं. ग्रॅच्युइटीचा अर्ज मात्र निकालाची वाट न बघता करता येतो, पाच वर्षं सलग भरली असली की तात्पुरत्यालाही ती लागू आहे.

२०१९ मध्ये पालिकेची याचिका फेटाळली गेली. पाच जागा, म्हणून सेवाज्येष्ठतेनं पहिल्या पाच जणांना लगेच, बाकीच्यांना जागा रिकामी होईल तशी. मी यादीत तिसरा होतो. यादी प्रसिद्ध होते तेव्हा हरकतीला थोडेच दिवस असतात आणि ‘मी तर जुना आहे, सगळ्यांना माहीत आहे’ म्हणून कुणी हरकत घेत नाही. आमच्यातला एक जण असाच सहावा झाला. आदेश पाळला नाही तर यूएलपी कायद्यातच कलम ४८ खाली शिक्षेची तरतूद आहे आणि पैशासाठी कलम ५० खाली वसुलीचा दाखला मागता येतो, मग जिल्हाधिकारी जमीन महसुलासारखी वसुली करतात. आमच्या पालिकेनं पगार सुरू केला तो कलम ४८ ची नोटीस गेल्यावर आठव्या दिवशी.

रुजू झाल्यावर सेवापुस्तक उघडतात. पहिलं पान कारकुनाशेजारी उभं राहून भरून घ्या आणि जन्मतारीख शाळेच्या दाखल्याशी ताडून मगच अंगठा द्या. माझ्या पुस्तकात १९७२ चं १९७० झालं होतं. खोडून दुरुस्त करायला आणि शेजारी मुख्याधिकाऱ्यांची सही घ्यायला मला सात महिने लागले.